तहवाले सर

"मोडला? म्हणजे हुता म्हणा की!"

पेठेत कोणीही धापा टाकत येऊन "सर, तह मोडला हो!" असं ओरडलं की सर आधी चष्मा काढायचे, सदऱ्याच्या टोकानं पुसायचे आणि हे वाक्य म्हणायचे. समोरच्याच्या कपाळातनं रक्त गळत असलं तरी आधी हे वाक्य. मग कापूस, मग हळद, मग रिक्षा. तुमच्याही गल्लीत असा एखादा असेल, ज्याचा आधी नुसता राग येतो आणि त्याचं म्हणणं कळेपर्यंत तो गेलेला असतो. आमच्या शिवाजी पेठेत सर होते.

मी वकील. कसबा बावड्याच्या कोर्टात वाटणीचे, बांधाचे, वहिवाटीचे दावे चालवतो. भावाभावांची भांडणं हाच माझा प्रपंच, आणि खरं सांगायचं तर आता त्याचा कंटाळा आलाय. पण कायदा मी ज्यांच्याकडून शिकलो त्या सरांनी मला बांधाचा कायदा कधी शिकवलाच नाही. लॉ कॉलेजला ते आम्हाला आंतरराष्ट्रीय कायदा शिकवायचे. तो शिकून कोल्हापुरात कुणाचं काय भलं होणार, हा प्रश्न आम्हाला होता तसा कॉलेजलाही असावा, कारण त्यांचा तास नेमका जेवणानंतर ठेवलेला असायचा. बाकांवर पंधरा पोरं, त्यातली दहा पेंगणारी.

सर मूळचे नेसरीचे. सगळी नोकरी शहरात केली तरी बोलणं गावचंच राहिलं. हेगची शांतता परिषदसुद्धा ते अशी सांगायचे की वाटावं, गडहिंग्लजच्या बाजारात भरली होती.

"रशियाच्या झारनं आवतण धाडलं. सगळी दादा मंडळी गोळा झाली. म्हणाली, बाबांनो, तोफा लई झाल्या, जरा बसून बोलूया. दोन-अडीच महिनं बसली. लढाईच बंद करा, यावर काय एकमत हुईना. मग म्हणाली, बरं, लढायचंच असंल तर रीतीनं लढा. जखमीला मारू नका. शरण आलेल्याला मारू नका. आणि फुग्यात बसून वरनं बॉम्ब टाकू नका."

इथं पेंगणारी पोरंसुद्धा जागी व्हायची.

"हसताय काय? ठराव हाय तसा. किती वर्षांसाठी? पाच! पाच वर्षांनी काय फुगं संपणार हुतं?"

मग तेही हसायचे. हसून झालं की खिडकीतून बाहेर बघत सांगायचे की पुढं दुसरी परिषद झाली, तिसरीही ठरली होती, पण तेवढ्यात महायुद्ध लागलं आणि तिसरी राहून गेली. हे सांगताना त्यांचा आवाज एवढा पडायचा की जणू घरातलं लग्न मोडलं होतं.

आता पेठेतलं सांगतो. कोल्हापुरात फुटबॉल म्हणजे काय असतो हे बाहेरच्याला सांगून कळणार नाही. आमच्याकडं दोन तालमी, वरची आणि खालची; कुस्तीचा आखाडा तालमीचा आणि फुटबॉलचा संघही तालमीचाच. नावं सांगत नाही, उगाच परत भांडणं लागायची. मॅच मैदानावर नव्वद मिनिटांची, पण खरी मॅच त्यानंतर गल्लीत व्हायची. दगड, सोडा वॉटरच्या बाटल्या, गच्चीवरनं विटा. सर राहायचे वरच्या तालमीच्या बाजूला. त्यांचा एकुलता एक मुलगा अजित वरच्या तालमीकडून खेळायचा. मी खालचा.

मी लॉच्या शेवटच्या वर्षाला असतानाची गोष्ट. अजितनं शेवटच्या मिनिटाला गोल मारला आणि आम्ही हरलो. मैदानाबाहेर तो आमच्या हाती लागला. पहिल्याच धक्क्याला पडला. पडल्यावर आम्ही पाच जणांनी त्याला लाथांनी तुडवला. तो तोंड झाकून ओरडत होता, "पडलोय रं, पडलोय!" त्यात त्याचा डावा डोळा गेला.

डोळ्यावर कुणाचा बूट बसला मला माहीत नाही. पाय माझाही होता, एवढं माहीत आहे.

पोलिसांत तक्रार झाली, पण साक्षीला कोण येणार? पेठेतलं कुणी फुटत नाही. दोन दिवसांनी सर तासाला आले, हजेरी घेतली, माझं नाव आल्यावर मी "हजर" म्हणालो आणि त्यांनी नेहमीसारखा हेगचा धडा पुढं चालू केला. त्या तासाला मी काय ऐकलं असेन ते तुम्हीच समजा.

यावर दोन वर्षं गेली. मला वकिलीची सनद मिळाली. एक दिवस सर खालच्या तालमीत, म्हणजे आमच्याकडं, एकटेच आले. वरच्या तालमीतला माणूस आमच्या दारात पाऊल टाकत नसे. सर आत येऊन लाल मातीच्या कडेला बसले आणि म्हणाले, "तह करूया."

पोरं हसली. पण म्हाताऱ्या वस्तादांनी मान डोलावली. रोजच्या फुटलेल्या डोक्यांचा त्यांनाही वीट आला होता.

पहिला घोळ जागेवरून झाला. त्यांच्यात आम्ही जाणार नाही, आमच्यात ते येणार नाहीत. सर म्हणाले, "मग पन्हाळ्यावर जाऊ. तटस्थ भूमी पाहिजे." मग दोन टेम्पो ठरले, आणि घाटात कुणाचा टेम्पो पुढं असणार यावरून बिंदू चौकातच बाह्या सरसावल्या! टेम्पोचा ड्रायव्हर बिचारा किल्ली काढून चहा प्यायला गेला. सर तासभर दोन्हीकडं फिरत होते. शेवटी त्यांनी दोन्ही टेम्पोंत निम्मे वरचे, निम्मे खालचे असे कोंबले. आता कुठला टेम्पो पुढं गेला तरी कुणाची इज्जत जाणार? असे आम्ही गुडघ्याला गुडघा लावून, एकमेकांचं तोंड न बघता, पन्हाळा चढलो. वाटेत कुणालातरी उलटी झाली ती नेमकी शत्रूच्या मांडीवर, आणि तिथंच बर्फ थोडा वितळला.

गडावरच्या तबक बागेत सतरंज्या टाकून पाच कलमं झाली. दगड नाही. बाटली नाही. गच्चीवरनं काही टाकायचं नाही. जखमीला बर्फ लावणाऱ्याला हात लावायचा नाही. आणि पाचवं, पडलेल्याला मारायचं नाही. हे पाचवं सांगताना सरांनी कागदात बघितलं नाही.

मग आमच्या बाजूनं कुरबुर सुरू झाली. "मागचं काय? ह्यो कागद घिऊन उद्या मागची नावं विचारतील." सगळे माझ्याकडं बघायला लागले. तालमीतला एकुलता एक वकील मीच. सहावं कलम मी लिहिलं: "या तहाआधी घडलेल्या कोणत्याही गोष्टीबद्दल कोणी कोणाला विचारणार नाही."

कायदा मागच्या गोष्टींना लागू करू नये, हे तत्त्व मला सरांनीच शिकवलं होतं. मी ते माझी कातडी वाचवायला वापरलं. दुसऱ्या शब्दांत सांगण्यासारखं त्यात काही नाही.

सरांनी तो कागद दोनदा वाचला. त्यांच्या पोराचा डोळा त्या एका ओळीत बसत होता आणि हे तिथल्या प्रत्येकाला कळत होतं. वरच्या तालमीचा कप्तान तर उठूनच उभा राहिला, "सर, सही करू नका!" सर म्हणाले, "बस रं खाली. कायद्याला धरून हाय." आणि माझ्याकडं बघून, "चांगलं लिहिलंस वकील." मग त्यांनी माझ्याकडून पेन घेतलं आणि खाली स्वतःच्या हातानं सातवं कलम घातलं. तह मोडणाऱ्यानं पुढच्या वर्षीच्या बैठकीत आपणहून उभं राहून तसं सांगायचं. शिक्षा काही नाही.

"शिक्षा न्हाय तर सांगंल कोण?" आमचा बंडा म्हणाला. बंडा म्हणजे वेल्डिंगवाला, त्या पाचांतलाच एक.

"बघू की," सर म्हणाले.

त्या आठवड्यात अजितनं घर सोडलं. बेळगावला मामाकडं गेला आणि तिथलाच झाला. जाताना जिन्यावरून बापाला ओरडून बोलला ते अर्ध्या पेठेनं ऐकलं. "माझा डोळा दिऊन तह आणलासा!" आई आधीच गेलेली. तेव्हापासून सर एकटे.

तेव्हापासून दर वर्षी, हंगाम सुरू व्हायच्या आधीच्या रविवारी, पन्हाळ्यावर बैठक. करोनाची दोन वर्षं सोडली तर चुकली नाही. तह मोठ्यानं वाचायचं काम माझ्याकडं. पहिली तीन-चार वर्षं कुणी उभं राहिलं नाही. मग एका वर्षी खालचा एक जण डोकं खाजवत उठला. "सर, मी बाटली मारली. पण लागली न्हाय."

"लागली न्हाय याचं वाईट वाटतंय का मारली याचं?"

"आता तुमी एवढं खोलात जाताय म्हटल्यावर..." सगळी बैठक हसून लोळली. सरही. पण पुढच्या वर्षी तिघं उठले, आणि हळूहळू उठणं ही पेठेची रीतच होऊन गेली. नवी पोरं तर मिरवायची, "मी दोनदा उठलोय."

तह मोडायचा थांबला का? छे! एक हंगाम बरा जायचा, दुसऱ्या हंगामात परत डोकी फुटायची. सर दर वर्षी तीच कलमं, तीच सतरंजी, तोच उत्साह घेऊन बसायचे. मला सांगा, एवढा चिवटपणा माणसात येतो कुठून? मी वाचून वाचून दमलो. मनात म्हणायचो, या म्हाताऱ्याला कुणीतरी सांगा की हे कागद कुणी पाळत नाही.

एकदाच वेगळं घडलं. मॅचनंतर पळापळीत वरच्या तालमीचं एक पोरगं आमच्या लोकांत पडलं. पोरं धावली, आणि मग आमच्याच चौघांनी त्याच्याभोवती हातात हात घालून कडं केलं आणि ओरडायला लागले, "पडलाय! पडलाय!" गर्दी थांबली. सर मैदानाच्या पायरीवरून बघत होते. खाली बसले. मी जवळ गेलो तर म्हणाले, "उसाचा रस आण जरा. आलं घालून." रस प्यायले. पण तो ग्लास त्यांना दोन्ही हातांनी धरावा लागला.

बैठकीत सगळे उठून झाले की सर लगेच समारोप करायचे नाहीत. सतरंजीवर नुसते बसून राहायचे. चहा निवायचा, पोरं चुळबुळायची, कुणी मोबाईल काढायचं. पाच-सात मिनिटं तरी असं. मग "बरं" म्हणून उठायचे. वयोमानानं होतंय, असं आम्ही म्हणायचो. मी त्या वेळात तहाची घडी घालत असायचो. ती घालायला मला बराच वेळ लागायचा.

शेवटची दोन-तीन वर्षं फार थकले. दुपारी गेलं तर टीव्हीवर बातम्या चालू असायच्या, आवाज बंद करून. कुठं ना कुठं लढाई. पडलेल्या इमारती, धूर, धुळीत माखलेली लेकरं. पेठेतली माणसं येता-जाता दारातून टोचायची, "काय सर, दवाखान्यावर बॉम्ब पडला की! कुठाय तुमचा कायदा?"

पूर्वी ते भांडायचे. "आपल्या देशात खुनाचा कायदा हाय का न्हाय? तरी खून हुत्यातच न्हवं? मग खुनाचा कायदाच न्हाय असं कोण म्हणतं का?" हल्ली नुसते हसायचे. एकदा टीव्हीकडं बघतच मला म्हणाले, "दमलो वकील. ह्या लढणाऱ्यास्नी सगळी कलमं पाठ हायत बघ. आम्ही मोडलंच न्हाय म्हणून सांगायला मोठमोठी वकील मंडळी ठेवल्यात. त्यातला एक जरी उठून म्हणाला न्हवं, की व्हय, मी केलं... तर मला वाटंल, त्या हेगातल्या म्हाताऱ्यांचं जेवण वाया गेलं न्हाय."

त्या दुपारी मी सांगणार होतो. शब्द तोंडात आले होते. सर माझ्याकडं वळले आणि म्हणाले, "काय?" मी म्हणालो, "काही न्हाय सर. औषध घेतलंसा का?" ते थोडा वेळ बघत राहिले. "घेतलं," म्हणाले. "जा तू. तारीख असंल तुझी." मला तारीख नव्हती. तरी मी गेलो.

दिवाळी झाली आणि सर गेले. दुपारी खुर्चीतच.

दिवसकार्य झाल्यावर अजित माझ्या ऑफिसात आला, वारसाच्या कागदांसाठी. पन्नाशीचा, केस पिकलेले, काळा चष्मा. सही करताना मान वाकडी करून एका डोळ्यानं ओळ शोधत होता. कागदावर त्याचं बोट पुढं-मागं सरकत होतं. ते मला बघवेना.

"अजितराव," मी म्हणालो, "त्या दिवशी मी त्यात हुतो."

कुठल्या दिवशी, असं त्यानं विचारलं नाही. पेनाला टोपण लावलं. "बाबांना सांगितलं हुतं?"

"न्हाय."

"मग मला कशाला सांगताय?" आवाज चढला नव्हता, त्यानंच मला जास्त लागलं. "तीस वर्षं मी त्यांच्याशी धड बोललो न्हाय. पण पन्हाळ्याच्या बैठकीदिवशी संध्याकाळी त्यांचा फोन यायचा, तेवढा घ्यायचो. ते म्हणायचे, आज तुझ्यासाठी कोण उठलं न्हाय. ठेवू? मी म्हणायचो, ठेवा. झालं, वर्षाचं बोलणं संपलं."

"सातवं कलम कशाला घातलं त्यांनी, काय वाटलं तुमाला? मी एकदा चिडून विचारलं, सहाव्यावर सही का केलीसा? तर म्हणाले, त्यात विचारायचं न्हाय असं लिहिलंय. सांगायचं न्हाय असं कुठं लिहिलंय? ज्यानं लिहिलं त्याला कधीतरी उमगंल."

त्यानं कागद माझ्याकडं सरकवला आणि गेला. त्या पाचांत माझं नाव आहे हे सरांना माहीत होतं का? मला कळलं नाही आणि आता कळायचंही नाही. पण वर्षानुवर्षं ती पाच-सात मिनिटं ते कशासाठी बसायचे, ते मात्र कळलं. मी दार लावून रडलो. नंतर पक्षकार आला, त्याचा बांधाचा दावा ऐकून घेतला.

हंगामाआधीचा रविवार आला. तबक बागेत दोन्ही तालमी जमल्या. मी तह वाचला. तीन-चार पोरं उठली, सांगून बसली. मग मी कागद खाली ठेवला आणि उभा राहिलो.

"वकील, तुमी कवा हाणामारी केलीसा?" कुणीतरी हसलं.

"सरांच्या अजितला मारणाऱ्यांत मी हुतो," मी म्हणालो. "तो पडलेला हुता. आणि सहावं कलम मी त्यासाठीच लिहिलं."

नव्या पोरांना काही कळलं नाही. जुन्यांनी माना खाली घातल्या. मी उभाच राहिलो, कारण बसायचं कधी हे सांगणारं कुणी नव्हतं. मग मागं सतरंजी हलली. बंडा गुडघ्यावर हात टेकून उठला. "मी पण," म्हणाला. त्याच्यामागनं सदा, आमचा जुना गोलकीपर, उठला. पाचांतला एक वारलाय, एक दुबईला आहे.

संध्याकाळी खाली उतरून मी वाटेत वाघबिळापाशी गाडी थांबवली आणि बेळगावला फोन लावला. बराच वेळ वाजला.

"अजितराव, आज तिघं उठले."

फोन कट झाला असं वाटून मी स्क्रीनकडं बघितलं. चालू होता.

"पहिलं कोण उठलं?" त्यानं विचारलं.

"मी."

"लई उशीर केलासा वकीलसाहेब."

"व्हय," मी म्हणालो. "केला."

त्यानं फोन ठेवला नाही. मीही ठेवला नाही.